युद्ध थांबल्यानंतरच्या बातम्याही छापा

मा. संपादक यांस,

स. न. वि. वि.

गेली काही वर्षे युक्रेन, गाझा आणि सुदान येथील युद्धांच्या बातम्या आपल्या दैनिकात नियमितपणे येत आहेत. नकाशे असतात, क्षेपणास्त्रांच्या पल्ल्यांची कोष्टके असतात, निवृत्त सेनाधिकाऱ्यांचे लेख असतात आणि कोणता देश कोणाच्या बाजूने उभा राहिला याचे विवेचनही असते. या सगळ्याची गरज मला मान्य आहे. परंतु एखाद्या गावावर बाँब पडल्याची बातमी वाचल्यानंतर त्या गावाचे पुढे काय झाले, हे आम्हा वाचकांना क्वचितच कळते. मृतांचा आकडा दुसऱ्या दिवशी सुधारून येतो, तिसऱ्या दिवशी आतल्या पानावर जातो, आणि त्यानंतर त्या गावाचे नावही पुन्हा वाचनात येत नाही. एका रशियन शोधपत्रकार स्त्रीची पुस्तके वाचताना ही उणीव मला फार तीव्रतेने जाणवली. त्या पुस्तकांविषयी चार गोष्टी सांगाव्यात आणि त्या अनुषंगाने आपल्याकडे, तसेच आमच्या ठाणे जिल्ह्यातील वाचनालयांकडे काही मागणी करावी, यासाठी हे पत्र लिहीत आहे. पत्र लांबले आहे, पण विषयच असा आहे की तो दोन परिच्छेदांत आटोपता येत नाही.

अ‍ॅना पोलितकोव्हस्काया हे त्यांचे नाव. मॉस्कोच्या 'नोवाया गझेटा' या वृत्तपत्रात त्या १९९९ मध्ये रुजू झाल्या आणि त्याच वर्षी दुसरे चेचेन युद्ध सुरू झाले. चेचन्या हा रशियाच्या दक्षिणेला, कॉकेशस पर्वताच्या कुशीतला छोटा प्रदेश. सोव्हिएत संघ कोसळला तेव्हा त्याने स्वातंत्र्य जाहीर केले, आणि ते मोडून काढण्यासाठी रशियाने डिसेंबर १९९४ मध्ये सैन्य पाठवले. ते पहिले युद्ध १९९६ च्या ऑगस्टमध्ये थांबले, पण तीन वर्षांनी पुन्हा भडकले. राजधानी ग्रोझ्नी अक्षरशः जमीनदोस्त झाली. या दोन युद्धांत मिळून किती नागरिक मेले याचा सर्वांना मान्य होईल असा आकडा आजही उपलब्ध नाही. पत्रकारांना आत जाऊ देण्यावर लष्कराचे कडक नियंत्रण होते आणि बहुतेक बातम्या अधिकाऱ्यांच्या निवेदनांवरून तयार होत. अशा काळात पोलितकोव्हस्काया पुन:पुन्हा चेचन्यात गेल्या, खेड्याखेड्यांत राहिल्या, आणि त्यांनी जे पाहिले व तपासले ते आधी वृत्तपत्रात आणि मग पुस्तकांत आले. 'अ डर्टी वॉर' आणि 'अ स्मॉल कॉर्नर ऑफ हेल' या नावांनी त्यांतील दोन पुस्तके इंग्रजीत उपलब्ध आहेत. ७ ऑक्टोबर २००६ रोजी मॉस्कोतील त्यांच्या राहत्या इमारतीच्या लिफ्टमध्ये त्यांना गोळ्या घालण्यात आल्या. तेव्हा त्यांचे वय ४८ होते.

त्यांच्या मृत्यूची हकीकत बऱ्याच जणांना ठाऊक असते, पण पुस्तके मात्र फारशी वाचली जात नाहीत, याचे मला वाईट वाटते. कारण त्यांचे खरे कर्तृत्व त्या पुस्तकांच्या घडणीत आहे. त्यांत लढायांची वर्णने जवळजवळ नाहीतच. सैन्याने एखाद्या गावाला वेढा घातला, पुरुषांना पकडून नेले, वेढा उठला आणि सैन्य पुढे निघून गेले, म्हणजे बाकीच्यांच्या लेखी बातमी संपली; तिथून या लेखिकेचे काम सुरू होते. कोणाला नेले, कोणत्या दिवशी नेले, गाडीवर कोणत्या तुकडीची खूण होती, घरच्यांनी कोणाकडे अर्ज केला, त्या अर्जाला काय उत्तर मिळाले, हे सगळे त्या घरोघर जाऊन विचारत. एका साक्षीदाराचे म्हणणे दुसऱ्याशी ताडून पाहत, आणि त्यानंतर संबंधित अधिकाऱ्यासमोर जाऊन तेच प्रश्न विचारत. पकडलेल्या माणसांना जमिनीत खणलेल्या खड्ड्यांत ठेवले जाते अशा तक्रारी दक्षिणेकडील डोंगरी गावांतून आल्या, तेव्हा त्यांची शहानिशा करण्यासाठी त्या फेब्रुवारी २००१ मध्ये खातुनी गावाजवळच्या लष्करी छावणीपर्यंत गेल्या. तिथे लष्कराने त्यांनाच ताब्यात घेतले आणि गोळी घालत असल्याचा देखावा करून त्यांना धमकावले. सुटका झाल्यावर त्यांनी त्या प्रसंगाचा वृत्तान्त लिहिला, पण त्या खड्ड्यांत ज्यांनी दिवस काढले होते त्या गावकऱ्यांच्या जबान्यांना मागे सारून स्वतःची कहाणी पुढे आणली नाही. मृतदेह परत मिळवण्यासाठी नातेवाइकांना पैसे मोजावे लागत, हेही त्यांनी नोंदवून ठेवले आहे. जिवंत माणूस सोडवायचा एक भाव आणि मेलेला परत न्यायचा दुसरा भाव, असा व्यवहार युद्धाच्या आडोशाने कसा उभा राहतो हे वाचताना अंगावर काटा येतो.

ही लेखिका चेचेन बंडखोरांची कैवारी होती, असा आरोप त्यांच्या देशात त्यांच्यावर सतत होत असे. पुस्तके वाचणाऱ्याला तो टिकणारा वाटत नाही. बंडखोरांनी केलेल्या हत्या आणि अपहरणे यांविषयीही त्यांनी स्पष्ट लिहिले आहे. ऑक्टोबर २००२ मध्ये चेचेन बंडखोरांनी मॉस्कोच्या दुब्रोव्का नाट्यगृहात आठशेहून अधिक प्रेक्षकांना ओलीस धरले, तेव्हा त्या आत जाऊन वाटाघाटींसाठी बोलल्या आणि तहानलेल्या ओलिसांसाठी पाणी व फळांचा रस घेऊन गेल्या. रशियन सुरक्षा दलांनी वायू सोडून नाट्यगृह ताब्यात घेतले आणि सुमारे १३० ओलीस दगावले. त्यांच्या घरच्यांची बाजूही पुढे त्यांनीच मांडली. सर्वांत महत्त्वाचे म्हणजे रशियन सैनिकांच्या आईबापांबद्दल त्यांनी जितके लिहिले तितके स्वतःला देशप्रेमी म्हणवणाऱ्या वृत्तपत्रांनीही लिहिले नाही.

त्यांच्या एका पुस्तकात एका निवृत्त शिक्षिकेची हकीकत आहे. तिचा मुलगा सैन्यात लेफ्टनंट होता आणि चेचन्यात लढताना मारला गेला. त्याची तुकडी माघारी आली, पण त्याचा मृतदेह रणांगणावरच राहून गेला. तो कुठे आहे हे आईला धड कोणी सांगेना. तिने पत्रे लिहिली, कार्यालयांचे उंबरे झिजवले, ज्यांच्या हाताखाली मुलगा लढला होता त्या अधिकाऱ्यांना गाठले, आणि अखेर स्वतःच्या खटपटीने त्याच्या अवशेषांचा छडा लावला. मग तिने संरक्षण मंत्रालयाविरुद्ध दावा लावला, तेव्हा न्यायालयातही तिला ताठ मानेने उभे राहू दिले गेले नाही. मी स्वतः ठाण्यातल्या एका माध्यमिक शाळेत आयुष्यभर इतिहास शिकवला. कदाचित म्हणूनच त्या बाईंच्या अर्जांची भाषा मला ओळखीची वाटली: विनंतीची, व्याकरणशुद्ध, मागच्या पत्राचा जावक क्रमांक आणि तारीख न चुकता लिहिलेली. राज्याच्या वतीने लढून मेलेल्या मुलाच्या आईला राज्याने दिलेली ही वागणूक त्या लेखिकेने कागदपत्रांसह मांडली, आणि त्यासाठी तिला शत्रुपक्षाची हस्तक ठरवले गेले.

अशा लेखनाने काय साधते, असे विचारणारे पुष्कळ भेटतात. एक उदाहरण देते. जानेवारी २००१ मध्ये ग्रोझ्नीत एका विद्यार्थ्याला पोलिसांनी रस्त्यावरून उचलले, कोठडीत त्याचा छळ झाला आणि त्यानंतर तो कोणालाही दिसला नाही. सैबेरियातून चेचन्यात तैनातीवर आलेल्या पोलीस पथकातल्या ज्या अधिकाऱ्याकडे संशयाची सुई जात होती, त्याच्याविषयी पोलितकोव्हस्काया यांनी नावानिशी लिहिले. त्यांना धमक्या येऊ लागल्या आणि काही काळ देश सोडून व्हिएन्नात राहावे लागले. तरीही त्या मुलाच्या वडिलांनी आणि या पत्रकाराने पाठपुरावा सोडला नाही. मार्च २००५ मध्ये न्यायालयाने त्या अधिकाऱ्याला ११ वर्षांची शिक्षा ठोठावली. चेचन्यात सैनिकांनी व पोलिसांनी नागरिकांवर केलेल्या अत्याचारांपैकी न्यायालयापर्यंत पोहोचलेली प्रकरणे हाताच्या बोटांवर मोजण्याइतकी आहेत आणि त्यांतले हे एक. मुलगा सापडला नाही, पण त्याचे काय झाले याची नोंद न्यायालयाच्या निकालपत्रात झाली, आणि वडिलांना मिळालेला तेवढाच न्याय होता.

खुद्द पोलितकोव्हस्काया यांच्या वाट्याला तेवढाही आला नाही. २०१४ मध्ये पाच जणांना त्यांच्या हत्येबद्दल दोषी ठरवण्यात आले, परंतु हत्येची सुपारी कोणी दिली हे आजतागायत उजेडात आलेले नाही. युरोपीय मानवाधिकार न्यायालयाने २०१८ मध्ये याच कारणासाठी रशियाच्या तपासावर ठपका ठेवला. दोषी ठरलेल्यांपैकी एकाला युक्रेनच्या युद्धात लढल्याबद्दल माफी देण्यात आल्याचे २०२३ मध्ये जाहीर झाले. ज्या मानवाधिकार कार्यकर्तीच्या मदतीने त्यांनी चेचन्यातील कितीतरी प्रकरणे तपासली, त्या नतालिया एस्तेमिरोवा यांचेही जुलै २००९ मध्ये ग्रोझ्नीतील घराजवळून अपहरण झाले आणि त्याच दिवशी त्यांचा मृतदेह मिळाला. 'नोवाया गझेटा'चे संपादक दिमित्री मुरातोव्ह यांना २०२१ चे शांततेचे नोबेल पारितोषिक मिळाले, तेव्हा त्यांनी ते आपल्या वृत्तपत्राच्या मारल्या गेलेल्या सहकाऱ्यांना अर्पण केले. पुढच्याच वर्षी मार्च महिन्यात त्यांना प्रकाशन थांबवावे लागले.

या पुस्तकांत उणिवा नाहीत असे मी म्हणणार नाही. वृत्तपत्रीय लेखांची पुस्तके झाल्यामुळे पुनरुक्ती पुष्कळ आहे. घाईत लिहिलेले कळते. काही ठिकाणी संताप इतका उसळतो की वाचकाने स्वतः निष्कर्ष काढावा एवढी उसंत लेखिका देत नाही. बेलारूसच्या पत्रकार स्वेतलाना अलेक्सिएविच यांनी अफगाण युद्धातून परतलेल्या सोव्हिएत सैनिकांच्या आणि त्यांच्या मातांच्या मुलाखतींतून जो ग्रंथ उभा केला, ज्याच्यासह त्यांच्या एकूण लेखनाला २०१५ मध्ये साहित्याचे नोबेल मिळाले, त्याची वाङ्मयीन उंची पोलितकोव्हस्काया यांच्या लेखनाला नाही. परंतु अलेक्सिएविच यांच्याकडे अनेकदा माणसाचा आवाज तेवढा उरतो, तर पोलितकोव्हस्काया यांच्याकडे आवाजाबरोबर पत्ता, तारीख आणि जबाबदार अधिकाऱ्याचा हुद्दाही असतो. न्यायालयात उभे राहू शकेल असे हे लिखाण आहे, आणि मला त्याचे मोल अधिक वाटते.

आमच्या शालेय इतिहासात युद्ध तीन शीर्षकांत विभागलेले असे: कारणे, घटना, परिणाम. परिणामांत तहाची कलमे, सरहद्दीतले बदल आणि शेवटी 'अपरिमित जीवित व वित्तहानी झाली' हे एक वाक्य. विद्यार्थी ते पाठ करत आणि त्यांना त्याचे गुणही मिळत. त्या एका वाक्याच्या आत काय आहे हे उलगडून दाखवणारे साधन वर्गात उपलब्ध नसे. वास्तविक आपल्याच भाषेत ते होते. पेणजवळच्या वरसई गावचे विष्णुभट गोडसे १८५७ च्या धामधुमीत उत्तरेत होते आणि १८५८ मध्ये इंग्रजांनी झाशी घेतली तेव्हा ते शहरातच होते. दक्षिणा मिळवायला निघालेला हा कोकणातला भिक्षुक, त्याला ना राजकारण करायचे होते ना लढाई. परंतु शहर पडल्यावर गल्लीबोळांत झालेली कत्तल, घरातल्या लपलेल्या माणसांची भीती, सोन्यानाण्यापाठोपाठ भांडीकुंडी आणि धान्यसुद्धा लुटले जाणे, हे सारे त्याने जसे पाहिले तसे पुढे लिहून काढले. 'माझा प्रवास' या नावाने ते १९०७ मध्ये प्रसिद्ध झाले. राणी लक्ष्मीबाईंचे स्मरण आपण आदराने करतो, आणि ते केलेच पाहिजे. पण झाशीच्या सामान्य रहिवाशांवर काय गुदरले हे आज आपल्याला ठाऊक आहे ते या एका मराठी माणसाने ते लिहून ठेवले म्हणून.

आता मी आमच्या ठाणे जिल्ह्याकडे वळते, कारण संघर्षाची मानवी किंमत शोधायला चेचन्याला जाण्याची गरज नाही. फाळणीनंतर सिंधमधून आलेल्या जवळपास एक लाख निर्वासितांना कल्याणजवळच्या लष्करी छावणीतल्या बराकींत जागा देण्यात आली आणि १९४९ मध्ये त्या वस्तीला उल्हासनगर हे नाव मिळाले. आजही तिथला पत्ता सांगताना 'कॅम्प नंबर तीन' असेच सांगितले जाते. उल्हासनगरच्या जीन्सविषयी, कारखान्यांविषयी आणि अनधिकृत बांधकामांविषयी आपण पुष्कळ वाचले आहे. पण कराची, हैदराबाद किंवा शिकारपूरचे घर सोडताना कोण मागे राहिले, बराकीतली पहिली वर्षे कशी गेली, हे मराठी वाचकाला शेजारी राहूनही फारसे ठाऊक नाही.

भिवंडीत मे १९७० मध्ये आणि पुन्हा मे १९८४ मध्ये हिंदू-मुस्लीम दंगली झाल्या. पहिल्या दंगलीची चौकशी न्यायमूर्ती मादन आयोगाने केली आणि त्याचा अनेक खंडांचा अहवाल आहे. भिवंडीतच पुढे पोलीस उपायुक्त सुरेश खोपडे यांनी दोन्ही समाजांतल्या सामान्य रहिवाशांना एकत्र बसवणाऱ्या मोहल्ला समित्या उभ्या केल्या, आणि डिसेंबर १९९२ व जानेवारी १९९३ मध्ये मुंबई पेटली असताना भिवंडी शांत राहिली. हा इतिहास खोपडे यांनी स्वतः लिहिला आहे आणि तो ठाणेकरांना अभिमान वाटावा असा आहे. मात्र १९७० आणि १९८४ मध्ये ज्यांची घरे व माग जळाले, त्या माणसांचे पुढे काय झाले याचा शोध एखाद्या पत्रकाराने सलगपणे घेतल्याचे माझ्या वाचनात आलेले नाही.

आणि मुंब्रा. पारसिकचा डोंगर आणि खाडी यांच्यामध्ये वसलेले हे उपनगर ठाणे महापालिकेच्याच हद्दीत येते. १९९२-९३ च्या दंगलींनंतर मुंबईच्या वेगवेगळ्या भागांतून मुस्लीम कुटुंबे मोठ्या संख्येने इथे आली आणि त्यानंतर या वस्तीचे रूप पार पालटले. मुंबईतील या दंगलींची चौकशी करणाऱ्या श्रीकृष्ण आयोगाने मृतांची संख्या ९०० अशी नोंदवली: ५७५ मुस्लीम, २७५ हिंदू, ५ इतर आणि ४५ ज्यांचा धर्म कळला नाही असे. आयोगाचे काम मोलाचे आहे, परंतु राहते घर कायमचे सोडून गेलेल्यांची गणती त्या आकड्यांत येत नाही. आमच्या इमारतीत कपडे शिवून देणाऱ्या एक बाई त्याच जानेवारीत मुंब्र्याला आल्या. शिवणयंत्राचे वरचे डोके स्टँडपासून सोडवून त्यांनी ते गोणीत गुंडाळून आणले. पायाने चालवायचा लोखंडी स्टँड जुन्या खोलीतच राहिला. इथे आल्यावर शिधापत्रिकेवर नवा पत्ता चढवायचा, तर जुन्या शिधावाटप कार्यालयातून नाव कमी केल्याचा दाखला आणा, असे त्यांना सांगण्यात आले. ते कार्यालय त्यांच्या जुन्या गल्लीच्या तोंडाशी होते आणि त्या गल्लीत पाऊल टाकण्याची त्यांची हिंमत होत नव्हती. "टीचर, साखर-तेल विकत घेतलं, पण दाखला आणायला काही गेले नाही," असे त्या मला म्हणाल्या. कितीतरी दिवस त्यांनी यंत्राचे डोके जमिनीवर ठेवून एका हाताने चाक फिरवत आणि दुसऱ्या हाताने कापड सरकवत शिवण केले. त्या दाखल्याची आणि त्या स्टँडची नोंद कोणत्याही अहवालात असणार नाही. पोलितकोव्हस्काया असत्या तर त्यांनी तेच आधी विचारले असते, आणि मग शिधावाटप कार्यालयात जाऊन विस्थापितांसाठी हा नियम शिथिल का केला नाही, असा प्रश्न टाकला असता.

जुन्या जखमा उकरून काय मिळणार, हा आक्षेप इथे हटकून घेतला जातो. मला तो प्रामाणिक वाटतो आणि म्हणूनच त्याला उत्तर देते. ज्याची जखम आहे तो ती विसरलेला नसतोच. विसरलेले असतात ते शेजारी. नोंद न झालेल्या गोष्टी ऐकीव कहाण्यांच्या रूपाने घराघरांत फिरत राहतात, प्रत्येक पिढीत त्या थोड्या वाढतात, आणि पुढच्या वेळी दोन्हीकडच्या तरुणांच्या हातात पडतात तेव्हा त्यांत खरे किती हे सांगायला कोणी उरलेले नसते. काळजीपूर्वक तपासलेली, दोन्ही बाजूंची नुकसानी सारख्याच आस्थेने मोजणारी नोंद हा त्यावरचा उपाय आहे. चेचेन शेतकरी आणि रशियन लेफ्टनंटची आई यांना एकाच लेखिकेने न्याय दिला, हे या संदर्भात मला फार महत्त्वाचे वाटते.

राज्याच्या दुसऱ्या टोकाला गडचिरोलीतही हेच आहे. १ मे २०१९ रोजी जांभुळखेडा येथे भूसुरुंगाच्या स्फोटात १५ पोलीस जवान आणि त्यांच्या वाहनाचा चालक मारले गेले. खबऱ्या ठरवून नक्षलवाद्यांनी कितीतरी आदिवासींना ठार केले. आणि पोलीस व नक्षलवादी या दोघांच्या कात्रीत सापडून गाव सोडणाऱ्यांची संख्याही थोडी नाही. विदर्भातील मराठी पत्रकारांनी या विषयावर कसदार लेखन केले आहे. ते ठाण्या-मुंबईच्या आवृत्तीत मात्र चकमक झाल्याशिवाय दिसत नाही. शहीद जवानाची पत्नी आणि खबऱ्या म्हणून मारल्या गेलेल्या गावकऱ्याची पत्नी, या दोघींच्या पुढील पाच वर्षांविषयी एकाच पानावर वाचायला मिळावे, अशी माझी इच्छा आहे.

वाचनालयांविषयीही थोडे लिहिणे भाग आहे. पोलितकोव्हस्काया यांचे पुस्तक मी शहरातील एका वाचनालयात मागितले. देवघेव विभागातील ताईंनी आपुलकीने यादी पाहिली, मागणीवहीत नाव लिहून घेतले, आणि वर्षभराची खरेदी दिवाळी अंक, कादंबऱ्या व स्पर्धा परीक्षांची पुस्तके यांतच संपते, हेही मोकळेपणाने सांगितले. त्यांचा दोष नाही. सभासद जे मागतात ते त्या घेतात आणि अनुदान तुटपुंजे असते. पुस्तक शेवटी भाच्याने विकत घेऊन दिले आणि शब्दकोश शेजारी ठेवून मी ते वाचले. परंतु १८९३ मध्ये मराठी ग्रंथ संग्रहालय स्थापन करणाऱ्या या शहरात युद्धाची मानवी बाजू मांडणारी पुस्तके एका कपाटाइतकी तरी असावीत, ही अपेक्षा अवाजवी नाही. कोलकात्याच्या राजा राममोहन रॉय ग्रंथालय प्रतिष्ठानाकडून सार्वजनिक ग्रंथालयांना पुस्तकांसाठी साहाय्य मिळते. त्यातून अशी खरेदी करता येईल का, हे ग्रंथालयांच्या कार्यकारिणीने पाहावे. आणि मराठी प्रकाशकांनी ही पुस्तके मूळ रशियनवरून, ते जमत नसेल तर इंग्रजीवरून, मराठीत आणण्याचे मनावर घ्यावे. पत्रकार पी. साईनाथ यांचे ग्रामीण दारिद्र्यावरील पुस्तक 'दुष्काळ आवडे सर्वांना' या नावाने मराठीत आले आणि मराठी वाचकांनी ते आवर्जून वाचले. तेव्हा अशा लेखनाला वाचक नाही, असे कोणी म्हणू नये.

राहिली आपल्याकडची मागणी. संघर्षाने होरपळलेल्या एका जागेकडे वर्षभराने, पाच वर्षांनी, तीस वर्षांनी परत जाणारे एक सदर आपण सुरू करावे. त्यासाठी एका वार्ताहराला रोजच्या धावपळीतून मोकळे करावे लागेल, त्याला वेळ द्यावा लागेल, कायद्याचा सल्ला द्यावा लागेल, आणि प्रसंगी त्याच्या पाठीशी उभे राहावे लागेल. ते सोपे नाही याची मला कल्पना आहे. गुन्हेगारी जगतावर लिहिणारे ज्योतिर्मय डे यांची ११ जून २०११ रोजी पवईत भर दुपारी हत्या झाली, ते ठिकाण ठाण्यापासून फार लांब नाही. पत्रकारांवरील हल्ल्यांविरुद्ध आपल्या विधिमंडळाने २०१७ मध्ये कायदा संमत केला आहे. त्याचा आधार आपल्या वार्ताहराला मिळेल हे संपादक म्हणून आपणच पाहू शकता.

सदराची सुरुवात उल्हासनगरपासून करावी, अशी माझी विनंती आहे. सिंध सोडताना जे दहा-बारा वर्षांचे होते, ते आज नव्वदीच्या घरात आहेत. त्यांच्याशी बोलायला सिंधी जाणणारा माणूस सोबत लागेल. तो उल्हासनगरातच मिळेल. त्यानंतर भिवंडी आणि मुंब्रा. मुंब्र्याच्या त्या शिवणकाम करणाऱ्या बाईंना मी विचारले आहे. नाव न छापण्याच्या अटीवर त्या आपल्या वार्ताहराशी बोलायला तयार आहेत, आणि आपला दूरध्वनी आल्यास भेटीची व्यवस्था मी करीन.

आपली,
एक वाचक, निवृत्त शिक्षिका
नौपाडा, ठाणे (पश्चिम)